फेलिम गॅरहन यांचा विस्तव

सभागृहात त्यांच्या डाव्या हाताला
चार पावलांवर माझं मेज.
एकोणीस वर्षं त्यांचा शब्द न् शब्द
मी लघुलिपीच्या आकड्याबाकड्यांत पकडला.
छापील प्रतीत ते अस्खलित इंग्रजी बोलतात.
खरं तर रागावले की अर्धं वाक्य आयरिशमध्ये घसरायचं,
आणि मी तिथे एक टिंब देऊन पुढे सरकायचो.

वेलिंग्टनचा वारा, लाकडी इमारत,
थंडीत दात वाजावेत तशा खिडक्या वाजत.
भूमिखात्याच्या खोलीतली शेगडी
जून ते सप्टेंबर रात्रंदिवस जळत असे.
पहिल्याच आठवड्यात शिपाई डॉब्सन
संध्याकाळी बादली घेऊन आला, तेव्हा
मंत्रिमहोदय खुर्चीवरून असे उठले
जणू पाणी त्यांच्याच अंगावर पडणार होतं.
"आपोआप विझू दे," म्हणाले. "म्हाताऱ्या माणसासारखी."

मला एकदाच सांगितलं, दौऱ्यावर, बोटीत,
समुद्र लागून दोघेही पांढरेफटक पडलेले असताना:
रॉसकॉमनमधली दीड खोली. शेरीफ, सहा शिपाई.
छप्पर नंतर उतरवतात. आधी चूल.
चुलीवर पाणी ओतलं की घर संपलं.
पणजोबांच्या वेळची, कधीच न विझलेली,
रात्री राखेखाली झाकायची, पहाटे फुंकायची.
"मांजर फिसकारतं ना," म्हणाले, "तसा आवाज आला."
आई शेजारी विस्तव मागायला निघाली,
तर गावभर चुली ओल्या.

पुढचं सगळं छापलेलं आहे, कुणीही वाचावं:
बॅलरॅटच्या खाणीत दोन वर्षं, सोनं थोडं, खोकला बराच;
होकिटिकाला दारूचं दुकान, मग वर्तमानपत्र,
मग निवडणूक. सतरा मतांनी निवडून आले,
त्यातली तीन मेलेल्यांची, असं विरोधक म्हणत.
("मेलेले कायम माझ्याच बाजूने होते," हे त्यांचं उत्तर.)
एक पूल, जो दोनदा वाहून गेला. दोन शाळा.
लहान शेतकऱ्याला जमीन देणारा कायदा.
कसेल त्याची जमीन, हे वाक्य मी इतक्यांदा उतरवलं
की त्याला एक स्वतंत्र चिन्हच करून टाकलं.

ती जमीन यायची कुठून,
हे विचारायला रिपेका आली.
नदीकाठच्या तीन वस्त्यांच्या वतीने.
काळा झगा, हनुवटीवर गोंदण, बरोबर दुभाषा,
आणि बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात राख.
"आमच्याकडे कागद नाही," दुभाषा सांगू लागला.
"आमच्याकडे अही का आहे. पेटती चूल.
जिची विझली नाही, जमीन तिची.
ही निघालो त्या सकाळची राख. हात लावून बघा."

त्यांनी हात लावला.
मी पेन्सिल धरून बसलो होतो.
शेगडीत एक कोळसा ढासळला.
मग तिच्याकडे नाही, माझ्याकडे नाही,
दाराकडे बघत ते बोलले:
या वसाहतीच्या कायद्यात
चूल हा पुरावा धरता येत नाही.
सही केली. टीपकागद मीच दाबला.

दुभाषाला काही सांगावं लागलं नाही.
डबा ती विसरली की ठेवून गेली, कोण जाणे.

त्यानंतर सात वर्षं जगले. 'सर' झाले.
भाषणात आयरिश शब्द येईना;
माझं काम सोपं झालं.

गेल्या महिन्यात नवे मंत्री आले,
तरुण, इथेच जन्मलेले. डॉब्सनने बादली हातात घेऊन विचारलं.
"धूर होतो, विझव," म्हणाले, आणि टपाल वाचू लागले.
मी जुन्या फायली आवरत होतो.
त्यातल्या नकाशावर नदीच्या त्या वळणाशी
मोजणीदाराने सुबक अक्षरात लिहिलंय: वस्ती नाही.
खाली त्याचीच दैनंदिनी जोडलेली. तीच तारीख.
'दिवसभर पाऊस. तंबू गळला. काड्या भिजल्या.
वरच्या अंगाला राहणाऱ्या एका बाईकडून विस्तव आणला.'