पाऊणपट

पुण्याहून दोघं आली, ऊर्वी आणि सौमित्र,
सोबत प्लॅनर मुलगी.
तिने सागरेश्वरच्या वाळूवर पावलं मोजली, म्हणाली,
इथे मांडव. समुद्र फ्रेममध्ये हवा.

तारीख?
पौर्णिमा. चंद्र समुद्रातून वर येताना वरमाला.
म्हटलं, बाय गो, आमच्याकडे चंद्र
सुरूच्या बनामागून येतो.
समुद्राकडे जातो तो सूर्य.
आणि पुनवेला संध्याकाळी सहाला समुद्र इथे नसतोच,
तो तिकडे, त्या होडीच्याही पलीकडे,
मध्ये नुसती ओली वाळू आणि कुर्ल्या.

सासऱ्यांनी रापण ओढता ओढता शिकवलेली पाऊणकी
मला अजून येते.
तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते.
पंधरा पाऊण सव्वाअकरा.
आठ पाऊण सहा.
नऊ पाऊण पावणेसात.
प्लॅनरने मोबाइलवर ताडून पाहिलं,
दहा-वीस मिनिटं इकडेतिकडे, म्हणाली,
आणि पहिल्यांदा माझ्याकडे नीट बघितलं.

माघातली वद्य नवमी ठरली.
भटजी म्हणाले गोरज मुहूर्त,
फोटोवाला म्हणाला गोल्डन अवर.
वेळ एकच निघाली, बिलं दोन.

मग यादी वाढत गेली.
ड्रोन, ड्रोन उडवणारा, त्याचा मदतनीस,
बंगळूरहून बर्फात ऑर्किड,
हळदीला पिवळे गॉगल दीडशे,
रील काढायला वेगळी मुलगी,
दोघांची नावं छापलेल्या कोकमाच्या बाटल्या,
पाहुण्यांना चपला, कारण वाळू.
मी सुरंगीचे वळेसर सुचवले, हंगाम होता.
रंग पॅलेटमध्ये बसत नाही, प्लॅनर म्हणाली.
बाबलो खांब पुरता पुरता म्हणाला,
"दर्याक ॲडव्हान्स दिल्यात काय?"

लग्नाला महिना असताना ऊर्वी एकटी आली.
गोदामात, खुर्च्यांच्या थप्पीला टेकून
तिने फोनवरचा तक्ता दाखवला.
हिरवे रकाने दिलेले, लाल द्यायचे.
लाल फार होते.
बाबांकडून घ्यायचे नाहीत हे मीच ठरवलं, काकी.
त्यानेही कर्ज काढलंय, मीही काढलंय,
एकमेकांना अर्धंच सांगितलंय.
कुठे कमी होईल?

ड्रोन, म्हणायला आलं होतं ओठांवर.
पण ड्रोनवाल्याला मीच पाठवलेलं,
त्यात माझे दोन हजार.
मी थोडा वेळ खुर्च्या मोजल्या.
मग म्हटलं, माझ्या बिलाचे तीन हिस्से आता दे, चौथा सवडीने.
पाऊणपट? ती म्हणाली,
आणि हसली, की दुसरं काही, गोदामात उजेड कमी असतो.

त्या दिवशी पावणेसातला समुद्र आला.
भांगाचं पाणी, जोर नाही,
पण मांडव चाळीस फूट पुढे घ्यायला लावलेला, फ्रेमसाठी.
पहिल्या दोन रांगांचे पाय भिजले.
वराच्या आत्याने शालू गुडघ्यापर्यंत धरला,
एका पोराची चप्पल गेली, फुकटातली.
कोणी हलू नका, फोटोवाला ओरडत होता.
अक्षता लाटेवर पडत होत्या,
भटजी सावधान म्हणत होते, तेही पंचा सावरत.

मी मागे कमानीची दोरी धरून उभी.
दोघं घोटाभर पाण्यात.
ती त्याच्या कानाशी लागून काही सांगत होती, बराच वेळ,
आणि तो मान हलवत होता,
मग त्याने सांगायला घेतलं.
मला वाटलं, उरलेलं अर्धं.
कॅमेऱ्यात ते फार छान आलंय म्हणे.

आता दर पाच तारखेला
दुकानातला डबा बोलतो, इतके रुपये प्राप्त झाले.
मागून तिचा निरोप, काकी, आज तिथी कोणती?
मी भिंतीवर बघते. चतुर्थी.
चार पाऊण तीन.
कळवते, तीनला भरती.
पुण्यात बसून तिला त्याचं काय करायचं असतं,
मी विचारलेलं नाही.

दोन हप्ते राहिलेत.
बाबलो, पुढच्या पार्टीचे खांब
सुरूकडे घे. काय म्हणायचं ते म्हणू देत.