चिकटपट्टी

मंगळवारी चार ते सहा, विल्यांडीच्या वाचनालयात
मी लोकांचे अडलेले फोन सोडवतो.
आज वाइके आली.
चाळीस वर्षं एस्टोनियाच्या आडगावांत टपाल वाटलेली बाई;
बुटांवरचं बर्फ झटकलं, टॅब्लेट पुढ्यात सरकवला:
“हे खोटं बोलतंय.”

स्वरलिपी शिकवणारं अ‍ॅप.
पाचांतल्या मधल्या रेषेवर एक टिपका.
आईनं शिकवलेलं त्याचं नाव ‘हा’.
अ‍ॅपला ‘हा’ ठाऊकच नाही. ते म्हणतं ‘बी’,
आणि बी तर तिच्या लेखी
डावीकडची काळी पट्टी!

भाषा बदलून पाहिली,
अ‍ॅप काढलं, पुन्हा टाकलं.
जर्मन निवडल्यावर
फक्त ‘शाबास’ तेवढं जर्मन झालं.

मग तिनंच पर्समधून
जखमेवरची चिकटपट्टी काढली,
बटणावर डकवली, पेनानं लिहिलं: हा.
बोटाचा स्पर्श आत पोचेना.
नखं कापायच्या कात्रीनं
तिनं पट्टीला मधोमध भोक पाडलं.
पोचला.

“पाकिटावर नाव काहीही असो,” ती म्हणाली,
“घर मला माहीत असायचं.”

सहा वाजले. दिवे मालवता मालवता मी विचारलं,
आणि खरा बी आला तर?

तिनं पर्स उघडून दाखवली.
अख्खा डबा होता.