दर दोन तासांनी

डोळ्यांत कुणी वाळू परतत होतं
आणि मी रिक्षात, काळ्या चष्म्याआड, पापण्या गच्च.
जंगली महाराज रस्ता वळणांवरून ओळखला,
खडकी एका बेकरीच्या वासावरून.
हॅरिस पुलावर वारा ओलसर, जरा कुबट झाला
तेव्हा म्हटलं, आली दापोडी.
अण्णा म्हणाले, "उघडू नकोस. पायऱ्या मी मोजतो."

कागदावर सगळं लिहून दिलेलं:
डोळ्यांत पाणी जाऊ द्यायचं नाही, चोळायचं नाही,
काजळ महिनाभर नाही,
फोडणीपाशी उभं राहायचं नाही.
झोपताना डोळ्यांवर प्लॅस्टिकच्या जाळीदार वाट्या,
कडेनं चिकटपट्टी.
पांढऱ्या झाकणाचे थेंब दर दोन तासांनी,
गुलाबी झाकणाचे चारदा,
मध्ये पाच मिनिटं जाऊ द्यायची.
मला वाचायची बंदी, म्हणून अण्णांनी वाचला,
चष्मा कपाळावर ढकलून, कागद नाकाला टेकवून,
लाईट बिल वाचतात तसा.

मी भोसरीत गाड्यांचे रंग जुळवते.
अपघाताच्या दारावर मूळचा पांढरा पुन्हा आणायचा,
आणि पांढरे किती असतात
ते तोंडावर मास्क, मास्कवर वाफ, वाफेमागे वजा साडेसात
असं असताना कुणाला सांगायचं?
म्हणून दोन दिवाळ्यांचा बोनस साठवला.
आठवडाभराच्या रजेचा अर्ज साहेबांनी
"डोळे म्हणजे कारण आहे" म्हणत मंजूर केला.

अण्णांचे हात एस.टी.च्या वर्कशॉपमधले.
एकतीस वर्षं ब्रेक, बेअरिंग, ग्रीस.
पहिला थेंब गालावर.
दुसरा कानात.
तिसऱ्याला म्हणाले, "वर बघ, पंख्याकडे,"
आणि मी पंख्याऐवजी बाटलीच्या टोकाकडे बघितलं,
अख्खी खोली तिथं उलटी लोंबत होती,
ट्यूबलाइटसकट.
पडली ती, पण कपाळावर.
"ही बाटली चारशे ऐंशीची आहे," ते स्वतःलाच म्हणाले.

चौथ्या दिवशी इंदुलकर वहिनी डोकावून गेल्या:
"दिसतं ना गं आता सगळं?"
दिसतं.
समोरच्या गच्चीवरच्या टाकीवर कंपनीचं नाव दिसतं,
टाकीवरचा कावळा चोचीत काय धरून बसलाय तेही.
फक्त रात्री रुळांपलीकडच्या दिव्यांना
पिसारे फुटतात,
सिग्नल लाल आहे की लाल फूल, ठरत नाही.
आणि बोट दर मिनिटाला नाकाच्या दांडीवर जातं
नसलेला चष्मा वर सारायला.
तेवढ्यात अण्णा ओरडतात, "हात खाली!"

त्या रात्री साडेदहाचा गजर झाला.
अण्णांचा चष्मा दोनदा घसरून माझ्या तोंडावर आला,
म्हणून त्यांनी तो काढून फ्रिजवर ठेवला
आणि वाकले,
इतके जवळ की श्वासाला तंबाखूची मिश्री लागत होती.

मी त्यांचे डोळे कधी पाहिलेच नव्हते.
जाड भिंगामागे ते मण्यांएवढे दिसायचे.
हे तर मोठे होते, तपकिरी,
एकाच्या कोपऱ्यात बेलपानाएवढा नाही, तिळाएवढा डाग,
आणि नाकावर दोन खोल खाचा
जणू तिथं काही रोवलं होतं.

"दिसतंय का तुम्हाला असं?"
"वीतभराच्या आतलं माझं चोख आहे.
बुबुळातली रेघसुद्धा दिसते. हलू नकोस."
थेंब नेमका पडला. दुसराही.

वीतभराच्या आतलं.
तेही होतं माझ्याकडे, एक डिसेंबरपर्यंत.
चष्मा काढला की दुनिया पुसली जायची
पण सुईचं भोक, नखावरची चंद्रकोर,
पांढऱ्यातला निळा कण
हे माझं माझं असायचं, नाकाशी धरलेलं.
काल तळहात तसा जवळ आणला.
रेषा पसरल्या, कागदावर शाई पसरते तशा.
डॉक्टर पारखे म्हणतील, असंच असायला हवं.
असेल.

अण्णा फ्रिज चाचपत होते,
चष्मा वर होता, हात मध्येच.
मी इथूनच बघत होते, स्पष्ट, दोन बोटांचं अंतर.
"आणखी वर," म्हटलं. "डावीकडे. हां."
चष्मा लावून, बारीक झालेल्या डोळ्यांनी
ते माझ्याकडे वळले:
"वाट्या लाव आता. पाच मिनिटं झाली का?"
झाली नव्हती.