खांब क्रमांक चौदा

तहसिलीसमोरच्या चिंचेखाली माझं टेबल.
अर्ज, प्रतिज्ञापत्र, नक्कल.
पानाला वीस रुपये.

पंचफुला नेवारे पहिल्यांदा आली तेव्हा पोळा नुकताच सरला होता.
उभ्याउभ्याच बोलली,
"तार लोंबून रायली भाऊ. हात पुरते.
वारं सुटलं का एकमेकीले शिवते,
इस्तो पडते वावरात."
मी तिचं बोलणं बाजूला सारून टाइप केलं :
विषयांकित वाहिनीस झोळ आला असून
जीवितहानीची शक्यता नाकारता येत नाही.
वाचून दाखवलं तर म्हणाली,
"एवढं सारं मी बोलली?"

दसऱ्याला दुसरा अर्ज. दिवाळीनंतर तिसरा.
प्रत्येक स्थळप्रतीवर उपविभागाचा जांभळा शिक्का,
आवक क्रमांक, कोणाची तरी तिरपी सही.
लाइनमन एकदा येऊन गेला म्हणे,
तारेखाली बांबूची बेचकी उभी करून गेला,
"वरून सामान आलं का पाहू."
बेचकी वाळवीनं खाल्ली.
वरून आली ती फक्त रात्रीची लाइन,
बारा ते आठ.

केवलराम, तिचा दीर,
हरभऱ्यात तुषारचे पाइप बदलायला गेला.
पाइप त्यानं उभा धरला, असं कंपनी म्हणते.
पंचफुला म्हणते, खांद्यावर आडवाच होता,
मागचं टोक जरा वर,
ओझं नेणाऱ्या कोणाचंही असतं तसं.
कपाळाला बांधलेली बॅटरी
उजाडलं तरी जळत होती.

पुढच्या कार्तिकात कंपनीचा लेखी जबाब आला.
मुद्दा एक : मृताचा स्वतःचा निष्काळजीपणा.
मुद्दा दोन : तिन्ही तक्रारी खांब क्रमांक चौदाबाबत,
घटना एक्केचाळीसजवळ.
सबब कंपनीस पूर्वसूचना नव्हती.

वकिलानं स्थळप्रती माझ्यासमोर मांडल्या.
पिठाच्या डब्यात जपलेल्या, घड्यांत अजून ज्वारीचं पीठ.
चौदा. चौदा. चौदा.
तिनं तोंडानं एक्केचाळीसच सांगितलं होतं.
आकडा माझ्या बोटांखाली उलटला,
आणि पुढचे दोन अर्ज मी
पहिल्यावरूनच काढले होते, तारीख तेवढी बदलून.
साठ रुपये घेतले होते.

"काय लिवलं हाय त्याच्यात?" तिनं विचारलं.
मी चष्मा पुसत बसलो.

दुसऱ्या दिवशी एसटीनं उतरलो,
पांदणीनं खांब मोजत चाललो.
रंग उडालेले आकडे. अकरा. बारा.
तेरावा वाकलेला, अंगावर वेल.
चौदाजवळ तूर फुलावर आली होती.
शेंड्यांपासून वीतभर वर तार,
माझ्या डोळ्यांच्या रेषेत.
तिच्यावर एक होला बसलेला, निवांत.
खाली बेचकीही नव्हती.

म्हणजे चौदालाही कोणी आलं नव्हतं.

मी तिथंच उभा राहिलो बराच वेळ,
हात खिशात घालून.

परत येऊन मशीनला कोरा कागद लावला.
तीस वर्षांत पहिल्यांदा स्वतःच्या नावानं :
मी, शालिक वासेकर, वय एकोणसाठ, धंदा टंकलेखन,
सत्यप्रतिज्ञेवर लिहून देतो की
आकड्याची चूक माझी आहे.
पुढचं वाक्य जुळेना.
विषयांकित खोडलं. झोळ खोडला.
मग लिहिलं :
चौदाचीबी तार लोंबून रायली.
हात पुरते.