ओठ मिटणारा शब्द

ओशिवऱ्याला, फर्निचर बाजाराच्या मागे,
अंड्यांचे ट्रे भिंतींना चिकटवलेली एक खोली.
एसी बंद, कारण माइकला तो ऐकू येतो.
आम्ही चौघी घामात, आणि पडद्यावर
हाँगकाँगच्या चौघी धुक्यात:
एक शिंपीण, एक शेवयांच्या गाडीवाली,
एक मांडवातून पळालेली नवरी
आणि एक जोगीण, जी दारू प्याली की उलटी उडते.

समोर राक्षस. शेवाळी, तीन पोटांचा,
अख्ख्या वराती वाजंत्र्यांसकट गिळणारा.
पाठीला त्याच्या चेन आहे. स्पष्ट दिसते.
बिपिन रेकॉर्डिस्ट म्हणाला, दिसू दे की,
बघणाऱ्यालाही काही काम नको?

संवाद माझे. म्हणजे त्यांचेच,
पण त्यांच्या ओठांवर बसतील अशा मराठीत.
अडचण अशी, की त्यांची वाक्यं
दार आपटल्यासारखी संपतात
आणि आमची उंबऱ्यात घुटमळतात:
येते हं, बरं का, सांग ना गं.
तिकडे बाईचं तोंड कधीच मिटलेलं
आणि आतून माझं ‘आहे’ अजून निघतंच आहे,
अंगात आल्यासारखं.

राक्षसाचा आवाज काढणारे गृहस्थ आलेच नाहीत.
घसा बसला म्हणे.
तर वसईच्या फिलोमिना तुस्कानोनं
चहाचं पातेलं तोंडाला लावलं
आणि अशी डरकाळी फोडली
की वरच्या मजल्यावरचा दाताचा डॉक्टर
हातमोज्यांसकट खाली आला.
कुठून काढलीस गं?
ती म्हणाली, अठरा वर्षं पडून होती.

शेवटचा सीन.
गाडीवाली उकळता रस्सा फेकते,
जोगीण छताला अडकते,
आणि शिंपीण राक्षसाच्या पाठीशी जाऊन
शांतपणे ती चेन उघडते.
म्हणजे चूक नव्हती ती!
आत बनियनमधला एक बुटका माणूस,
बोलतोय, बोलतोय, समजावतोय,
हात नाचवून हिशेब मांडतोय.
नवरी त्याच्याकडे बघते
आणि एकच शब्द उच्चारते. एक ठोका. ओठ घट्ट.

मी लिहिलं होतं ‘मर’. तोंड उघडं राहिलं.
‘पुरे’ त्याहून उघडं.
‘थांब’ मिटतं, पण बोलून झालेल्याला
थांबवून करायचं काय?
अकरा टेक झाले. तस्नीम मुकादमचं पाणी संपलं.
मग कुमुद आंगचेकर, कागद न बघता:
‘गप.’

काजात बटण जावं तसा बसला.

कोणी हसलं नाही लगेच.
शब्द चौघींच्या रोजच्या ओळखीचा,
फक्त आजवर कानाच्या बाजूनं.
बिपिन काचेपलीकडून म्हणाला, ओके आहे,
पण अजून एकदा, सेफ्टीसाठी.
एकदा? आम्ही सहा वेळा दिला.

निघताना फिलोमिना, पातेलं अजून हातात:
मी पण म्हणू का?
अगं, तू राक्षस आहेस.
हो, पण म्हणू का?
माइक बंद होता. तिनं पातेल्यात तोंड घातलं.
अंड्यांच्या ट्रेंनी आवाज खाल्ला म्हणतात.
सगळा नाही खाल्ला.