शून्य बाइट

टोर्शाव्नच्या धक्क्यावर, मासळी-नोंदींची कचेरी, रात्रीचा दीड.
मार्युननं यादी काढली.
चार हजार एकशे सतरा क्रमांकाच्या प्रोसेसची खोली,
आत 'एन्व्हायरन' नावाची फाईल,
आकार: शून्य बाइट.

शून्य म्हणजे रिकामं, असं कोण म्हणालं?
ही फाईल कुठल्याच डिस्कवर ठेवलेली नसते.
कुणी विचारलं, की कर्नल त्या क्षणी
चालत्या प्रोसेसच्या आठवणीत हात घालतो
आणि ओंजळभर काढून देतो.
विचारणारा मालक हवा, नाहीतर रूट.

आज रूट मार्युन आहे.
चारला जुनं यंत्र कायमचं बंद करायचंय,
आणि भरतीच्या तक्त्यांचा पासवर्ड कुणालाच माहीत नाही.
हानुसनं तो कुठे लिहून ठेवला नाही.
हानुस दोन हिवाळ्यांपूर्वी गेला,
इथेच, धक्क्यावर, हातात कॉफीचा थर्मास.
त्यानं सुरू केलेली प्रोसेस
अकराशे बारा दिवस चालूच आहे.

उघडलं तर सगळं सलग, मोडीसारखं,
शब्दांमध्ये न दिसणारी शून्यं.
तिनं प्रत्येक शून्याची एक ओळ केली.
घर: हानुसचं. भाषा: फारोईज.
एडिटर तोच, ज्यावरून दोघं भांडायची.

ही निघतानाची शिदोरी, शेलनं पदरी बांधलेली.
पुढे वाटेत प्रोसेसनं काय मिळवलं, काय टाकलं,
ते इथे सहसा उमटत नाही.
इथे अजून मार्चमधला तो मंगळवार आहे
आणि हानुस नुकताच लॉगिन झालाय.
त्याच्या आधी तो कुठल्या फोल्डरात होता, तेही आहे:
'बोटीचा-रंग'.
म्हणजे कामाच्या वेळेत हे चाललं होतं तर!
फोल्डर केव्हाच पुसलेला. नाव तेवढं राहिलं.

सोळाव्या ओळीवर पासवर्ड, उघडाबोडका.
गुपित असं ठेवायचं नसतं,
हे तिला शिकवलं होतं त्यानंच.
'बावीसमेंढ्याएकलंगडी'.
ती हसली. मग हसता हसता
नाक पुसायला रुमाल शोधू लागली.

पासवर्ड कागदावर उतरवला.
बाकीच्याची प्रत घ्यावी का?
कर्सर लुकलुकत राहिला. तिनं घेतली नाही.

तीन पन्नासला प्रोसेस थांबवली.
सवयीनं पुन्हा तीच फाईल मागितली.
अशी फाईल किंवा फोल्डर नाही, यंत्र म्हणालं,
आणि ते खरंच होतं.

जिना उतरताना तिला वाटलं, रंग कुठला होता,
ते मात्र कुठेच लिहिलेलं नव्हतं.