आठ बसला

मारबत निघून आठवडा झाला.
उकाडा घेऊन जा गे मारबत, असं घसा फुटेस्तोवर ओरडलो होतो,
तिनं बाकीचं नेलं असेल, उकाडा इथंच विसरली.
बर्डीच्या या गल्लीत दुपारी चार वाजता
कूलरमधून नुसता वारा येतो, पाणी संपलेला,
आणि मी खानोरकरांच्या दुकानात
भिंगांची पेटी पुसत बसतो.

पोरगी आली आईसोबत. प्रणोती पराते,
सातवी ब, शेवटचा बाक.
आई म्हणाली, डोळे बारीक करून पाह्यते जी,
सर म्हणते लक्षच नाही हिचं.
शेठ जेवून यायचे होते. बसा म्हटलं.
बसल्या बसल्या तिनं वही काढली.

तीन एक्स अधिक सात बरोबर एकतीस.
कडेला पेन्सिलनं, खोडलेलं, तरी वाचता येणारं:
पाच, बावीस.
दहा, सदतीस.
आठ.
आणि खाली सरांची लाल शाई: रीत कुठे आहे?

काऊन नाही लिहिली रीत?
"टाकून पाह्यते ना मी.
पाच टाकला, कमी पडला.
दहा टाकला, बाहेर गेला.
आठ बसला."
इतकं सरळ, जशी कोणी
दुकानात चपला घालून पाहते.

फळ्यावर तर करून दाखवत असतील सर?
ती गप्प. मग आईकडे न पाहता म्हणाली,
"फळा पांढरा पांढरा दिसते."

म्हणजे जून महिन्यापासून
सात इकडून तिकडे जाताना चिन्ह बदलतो
ही बातमी शेवटच्या बाकापर्यंत पोहोचलीच नव्हती.
तिनं आपलं आपणच काढलं होतं काहीतरी,
अंधारात खिशातली नाणी चाचपावीत तसं.

एक गणित मात्र अडलं होतं.
दोन एक्स अधिक तीन बरोबर दहा.
"तीन टाकला तर नऊ होते, चार टाकला तर अकरा.
दहा मधातच राह्यला."
पुस्तक चुकलं असेल, म्हणाली.

मी काही बोललो नाही. दहावीत बीजगणितानंच
मला घरी बसवलं होतं, मी काय बोलणार.
चाचणीची जड फ्रेम तिच्या नाकावर चढवली,
एक डोळा झाकला, वजा एकचं भिंग घातलं.
हे बरं की ते?
"ते."
वजा दोन. हे बरं की ते?
"आता बारीक होऊन राह्यलं सारं."
दीड. अं हं. पावणेदोन.

ती थांबली.
समोरच्या साडीच्या दुकानाची पाटी तिनं वाचली,
मोठं नाव नाही, खालची ओळ, जी मीही कधी वाचली नव्हती:
विकलेला माल बदलून मिळणार नाही.
आई हसली. पोरगी नाही हसली.
ती पेटीकडे बघत होती.

"यात पाव पाव पण असते?"
असते ना. एक आणि दोनच्या मधात तीन आहेत.
फ्रेम तशीच नाकावर, तिनं वही ओढली,
ओठ हलले,
आणि तीन आणि चारच्या मधे
पेन्सिल टेकवून ती कितीतरी वेळ बसली.

तेवढ्यात शेठ आले, हात पुसत,
म्हणाले, पोरी, मान सरळ.

सोमवारी चष्मा मिळेल. मंगळवारी तिला फळा दिसेल,
रीत दिसेल, पायऱ्या दिसतील, गुण मिळतील.
मिळोत बापडे.
मला आजही रीत येत नाही.
कोणी आलं की पेटी उघडतो,
विचारतो, हे बरं की ते,
आणि समोरचा माणूस खरं सांगेल
याच्यावर बसून राहतो.